वरून टाकलेली बुंदी

त्याचा हात वर गेला आणि आईच्या पदरात बुंदी पडली. हात पदराला शिवू नये, एवढ्या उंचीवरून. मुंडावळ्या बांधलेला नवरदेव, बाजूला नवी नवरी. वरात घरी आली की पाटलाच्या नवरदेवानं महारवाड्याला पहिलं वाढण स्वतः टाकायचं, अशी आमच्या गावची रीत.

त्याच सकाळी मी अमरावतीहून वाशीमच्या ठेसनावर उतरून घरी आले होते. कॉलेजात गेलेली आमच्या वस्तीतली मी पहिली. पाटलाकडे लग्न आहे, एवढंच आईनं सांगितलं. कोणाचं, ते मी विचारलं नाही.

पाटलाचा मुलगा माझ्याच वर्गात होता. आजी आजारी आहे म्हणून सुट्टीआधीच गावी गेला होता. लग्न करीन तर तुझ्याशीच, असं तो मला म्हणाला होता. कॉलेजमागच्या चिंचेखाली माझ्या डब्यातली भाकर खायचा. चारचौघांत मात्र त्यानं माझं नाव कधी घेतलं नाही. "मागच्या बाकावर बसत जा. लोक बोलतील," म्हणायचा. मला वाटायचं, जपतो.

आता मुंडावळ्या बांधलेला तोच माझ्यासमोर आला. नवरीनं विचारलं, "हे कोन व्हय?"

"म्हाराची पोर." त्यानं माझ्याकडे पाहिलंच नाही. "पदर धर वं."

"पसर न बाई," आई कुजबुजली. "कायले उभी राह्यली?"

मी पदर पसरला नाही. बोलले.

"अमरावतीले माह्या डब्यातली भाकर खातानी तुमचा हात एवढा वर नव्हता."

नवरीनं त्याच्याकडे पाहिलं. कोणीतरी ओरडलं, "हाकला रे तिले!" पण माझ्या तोंडावर पहिली चापट बसली ती आईची.

मी एकटीच घरी आले. मागून आई आली. पदरात बुंदी तशीच.

"आता या गावात राहू देतीन काय आपल्याले?"

एवढंच म्हणाली. माझं काय गेलं, ते तिनं विचारलं नाही. सांगायला दुसरं कोणी नव्हतं.

तो मला जपत नव्हता. लपवत होता. तीही शिवाशिवच होती, फक्त गोड बोलून पाळलेली.

कॉलेज उघडलं. तो नवा कोट घालून आला. मी मुलींच्या पहिल्या बाकावर बसले, सगळ्यांच्या नजरेसमोर. बाकावरच्या मुली सरकून बसल्या. मी उठले नाही.

उठणारही नाही. मला इथून उठवायचं असेल तर त्याला माझं नाव घ्यावं लागेल. सगळ्यांदेखत. मोठ्यानं.