दीड हाताचा ठराव

हे मी आजवर कुणापाशी बोललो न्हाई. बायकोपाशीबी न्हाई. तुम्हाला सांगतोय — का, ते माझं मलाच ठाऊक न्हाई.

आमचं गाव जळकोटच्या अलीकडं. मी ग्रामपंचायतीचा मेंबर. दोन वर्षांखाली सरपंचांनी गावाची नीतिमत्ता सुधारायचं मनावर घेतलं. नळाला पाणी न्हाई, पण नीतिमत्ता आधी. ठराव असा — एसटी थांब्याच्या बाकड्यावर बाई अन् गडी यांच्यात दीड हात अंतर पाहिजे. हात कुणाचा, यावर तासभर खल झाला. शेवटी सरपंचांचाच धरला. एकानं विचारलं, "अन् नवरा-बायको असली तर?" सरपंच म्हणाले, "कपाळावर लिहिलेलं असतंय का?" दुसऱ्या दिवशी शिपायानं बाकड्यावर दीड-दीड हातावर रंगानं पट्टे मारले.

आता खरं सांगू? त्या बाकड्यावर रोज दुपारी कोण बसायचं — माझी आई अन् दादा, म्हणजे माझे वडील. आमच्यात भावकीदेखत बाई नवऱ्याशी बोलत न्हाई. आईनं उभा जन्म घरात डोईवरचा पदर अन् तोंड, दोन्ही सांभाळलं. सुना आल्या तरी तेच. बोलायचं ते बाकड्यावर. कुठं जायचं न्हाई, निस्तं बोलायचं. दादांना ऐकू कमी, म्हणून आई त्यांच्या कानाशी तोंड न्यायची, अन् दादा हसायचे. घरात मी त्यांना तसं हसताना कधी बघितलं न्हाई.

ठरावाला अनुमोदक पाहिजे होता. सरपंचांनी माझ्याकडं बघितलं. माझ्या डोळ्यांपुढं तीच दोघं आली — व्हय, आली. तरी मी हात वर केला. का? उपसरपंचपद मोकळं होणार होतं, दुसरं काय.

घरी येऊन आईला म्हणालो, "मी लई विरोध केला." तिनं ते गल्लीभर कौतुकानं सांगितलं. मग दोघं पट्ट्यांएवढं अंतर सोडून बसू लागली. दीड हातावरनं दादांना ऐकू येईना. मोठ्यानं बोलावं तर सारा थांबा ऐकतोय. आई गप झाली. दादा रस्त्याकडं बघत बसायचे.

गेल्या साली दादा गेले. मी उपसरपंच झालो. पट्टे उनापावसानं पुसले गेले, ठराव कुणाच्या ध्यानातबी न्हाई. आई अजून दुपारची जाऊन बसते. काल मी तिच्याजवळ बसाया गेलो, तर तिनं मला हातानं सरकवलं.

"दीड हात सोड रं," म्हणाली. "तुला कुणी नावं ठेवाया नको. आमच्यापायी तू एकटाच सरपंचांना नडला होतास."

मी सरकून बसलो.