गोजराबाईचा आसूड

इंग्रजांच्या अमदानीतली गोष्ट. शेलूबाजारच्या मळ्यात मोट ओढता ओढता पुंजाजी माळ्याचा बैल गुडघ्यांवर बसला. "कामचोर!" म्हणत पुंजाजीनं आसूड ओढले. पाठ फाटली, तरी बैल उठेना. अंगात रक्तच नाही, तर उठेल कशानं?

बायको गोजराबाई वांग्याचे वाफे सोडून धावली. तिनं बैलाची शेपटी उचलली. खाली एरंडीच्या बियांएवढे टरारलेले गोचीड लटकत होते.

"रगत हे पिऊन राह्यले, अन् मार याले कायले देता?"

आसूड हिसकून तिनं नवऱ्याचीच पाठ फोडली. बरं केलं!

बैल संध्याकाळी मेला. पुढे जन्मभर गोजराबाई गुरांचे गोचीड वेचून निखाऱ्यांवर टाकायची. एकेक फट्कन फुटायचा आणि ओसरीवरचा पुंजाजी दर वेळी अंग चोरायचा.