समोरच्या सिस्टरच्या विरोधातला अर्ज

आमच्या लेआउटात, म्हणजे वसाहतीत, अर्ज लिहायचा म्हटला की लोक माझ्याकडे येतात. सरकारी कचेरीत जन्म गेला; ‘उपरोक्त विषयास अनुसरून’ मला शुभंकरोतीइतकं पाठ आहे. म्हणून समोरच्या सिस्टरच्या विरोधातला अर्जही मीच लिहिला.

सिस्टर म्हणजे दवाखान्यातून निवृत्त झालेल्या नर्स. माझ्या आईच्या शेवटच्या आजारपणात त्या रोज सकाळी येऊन तिला इंजेक्शन द्यायच्या. रविवारच्या प्रार्थनेला त्यांच्या घरात माणसं मावेनात, तेव्हा बगिच्याच्या रिकाम्या कोपऱ्यात छोटं चर्च बांधू द्यावं, अशी त्यांनी नगरपालिकेकडे रीतसर मागणी केली. लेआउटात एकच गहजब झाला.

मी लिहिलं, ‘बगीचा सार्वजनिक असून तेथे कोणत्याही धर्माचे बांधकाम होऊ नये.’ वाक्य झकास जमलं म्हणून खूशही झालो. लिहायला बसलो होतो ते त्याच बगिच्यातल्या हनुमान मंदिराच्या पायरीवर. त्या मंदिराची परवानगी कधी कोणी मागितलीच नव्हती. आधी शेंदूर फासलेला दगड, मग ओटा, मग टिनाचं छप्पर. फरशा तर मीच स्कूटरवरून आणल्या होत्या. सह्या करणाऱ्या कोणालाही यात काही वावगं दिसलं नाही. मला दिसलं, आणि तरी सगळ्यांत वरची सही माझी. सांगायलाही लाज वाटते.

नगरपालिकेचे साहेब पाहणीला आले. सिस्टर फाटकाजवळ उभ्या होत्या. मंदिराकडे बोट दाखवून ‘मग हे काय आहे?’ एवढंच त्यांनी विचारलं असतं, तर आमची बोलती बंद झाली असती. त्या चकार शब्द बोलल्या नाहीत. मागणी नामंजूर झाली.

बाईचं मन मोठं आहे, अशी मी स्वतःची समजूत घातली आणि त्यावर वर्ष काढलं. गेल्या महिन्यात त्या अंगणात मेथी निवडत बसल्या होत्या. मला राहवलं नाही. म्हटलं, “सिस्टर, त्या दिवशी साहेबासमोर तुम्ही मंदिराचं नाव काहून नाही काढलं?”

“काढलं असतं,” त्या मेथी निवडता निवडताच म्हणाल्या, “तर तुम्ही लोकांनी मले इथं राहू देल्लं असतं का, भाऊ?”

इतकी वर्षं दारासमोर दार, आणि ही बाई मला भीत होती. त्यांचं काही चुकतही नव्हतं.