नेमलेल्या सभासदाची खुर्ची

माझ्या पणजोबांनी इंग्रजांच्या काळात नागपूरच्या कौन्सिलात, म्हणजे तेव्हाच्या विधिमंडळात, उमेदीची वर्षं काढली, असं आम्ही शाळेत छाती फुगवून सांगायचो. खोटं नव्हतं ते. पणजोबा तिथे माळी होते. आत त्यांनी कधी पाऊल टाकलं नाही, पण आत कोण जातं आणि बाहेर कोण येतं, हे त्यांच्याइतकं कुणी पाहिलं नसेल. फेटा दिसला की गावाचा जमीनदार असलेला मालगुजार, काळा कोट दिसला की वकील, हॅट दिसली की सरकारी साहेब. दुर्ग-रायपूरकडचे मालगुजारही तिथेच येत, कारण तेव्हा आमचा भंडारा आणि दुर्ग एकाच प्रांतात होते. वऱ्हाडातली माणसं निवडून आली तरी सरकारला त्यांना पुन्हा नेमावं लागे, कारण वऱ्हाड कागदोपत्री निजामाचं. आणि आमच्यापैकी, म्हणजे तेव्हाच्या अस्पृश्यांपैकी, जे कुणी एक-दोघं आत जात, ते गव्हर्नर लाटसाहेबांनी नेमलेले. मतं द्यायला आमच्याकडे ना जमीन होती, ना कर भरण्याची ऐपत. असा एक नेमलेला सभासद बागेतून जाताना पणजोबांकडे बघून मान हलवायचा. तेवढ्यावर आमच्या घराण्याचं राजकारण उभं आहे.

बाबा दुर्गजवळ भिलाईला पोलाद कारखान्याच्या रेल मिलमध्ये लागले तेव्हा ही गोष्ट त्यांनी सोबत आणली. दरवर्षी एप्रिलमध्ये जयंतीच्या आदल्या संध्याकाळी, सेक्टर २ मधल्या आमच्या बुद्धविहारामागच्या पत्र्याच्या हॉलमध्ये ते कौन्सिल भरवायचे. प्लास्टिकच्या खुर्च्या मांडायचे. मालगुजारांची रांग, वकिलांची रांग, साहेबांची रांग, आणि कोपऱ्यात नेमलेल्या सभासदाची एक खुर्ची. ती बाबांची. लाटसाहेबांच्या खुर्चीत कुणी बसत नसे, तिच्यावर मिलमधलं पिवळं हेल्मेट ठेवलेलं असे. बाकी सगळी आमचीच पोरं, लग्नातले फेटे घालून. मोठ्या मालगुजाराचा मान मात्र शेजारच्या काकांचा. ते भंडाऱ्याकडच्या शेतकरी घरातले, बाबांबरोबर एकाच शिफ्टला होते, आणि फेटा त्यांचा स्वतःचा होता.

बाबा उभे राहून ठराव मांडायचे, की गावच्या विहिरी आणि तलाव सर्वांना खुले व्हावेत. मग काका मिशीवर हात फिरवत विरोध करायचे, पोरं बाकं समजून खुर्च्या बडवायची, आणि मतदान व्हायचं. होकारवाले उजव्या भिंतीशी, नकारवाले डाव्या. बाबा एकटे उजवीकडे, बाकी सगळा हॉल डावीकडे. "गिर गया!" म्हणून असा काही गिल्ला व्हायचा की पत्रे थरथरायचे. मग पन्हं. खऱ्या कौन्सिलात असल्या ठरावांचं काय झालं, मला ठाऊक नाही. आमच्या कौन्सिलात तो पडायचाच. बाबा सांगायचे, भाषण ऐकायच्या आधी खोलीत कोण बसलंय ते पाहा, निकाल तिथेच लागलेला असतो. हे पोरांना कळावं म्हणून तर सगळा खटाटोप होता.

गेल्या वर्षी बाबांच्या गळ्याच्या कॅन्सरचं निदान झालं. मे महिन्यात ऑपरेशन, स्वरयंत्र काढावं लागणार, आवाज जाणार. डॉक्टरांनी हे इतकं सरळ सांगितलं की मला त्यांचा रागच आला. बाबा मात्र घरी येऊन खुर्च्या पुसायला बसले. मी भिलाईशेजारी चरोद्याला रेल्वे क्वार्टरमध्ये राहते. जयंतीपर्यंतच्या त्या दिवसांत लोकलने पॉवर हाऊस स्टेशनपर्यंत येऊन सेक्टर गाठणं हेच माझं काम झालं होतं.

"या साली सोंग नाई करायचं," बाबा घोगऱ्या आवाजात म्हणाले. "ज्याले जसं वाटन तसं त्यानं मत द्यावं. सारे आपलेच लेकरं आहेत. एकदा पास झालेलं पाहून घेतो."

"मग मी पोरांना आधीच सांगून ठेवते ना," मी म्हटलं.

"नाई. कोणाले काई सांगू नको. मांगून घेतलेलं नको मले."

त्यांचा हा ताठा मला कधीच झेपला नाही. तरी मी पोरांना काही सांगितलं नाही, कारण मलाही खात्री होती. आपलीच पोरं, आपलाच हॉल, आपलीच जयंती. पडेल कसा?

त्या संध्याकाळी बाबा बोलले ते शेवटच्या रांगेपर्यंत पोचलंही नसेल. भाषण नेहमीचंच होतं, फक्त मधे मधे श्वास घ्यायला थांबत होते. काका विरोध करायला उठलेच नाहीत. बाबांनी सांगितलं, आज ज्याचं मत त्याचं. पोरांनी एकमेकांकडे पाहिलं, आणि पुढच्या क्षणी अख्खी झुंड नेहमीसारखी डाव्या भिंतीकडे पळाली. "गिर गया! गिर गया!" एका पोराला मी विचारलं, कावून रे? तो हसत म्हणाला, "आंटी, कुएँ का क्या करेंगे? नल है ना." आणि खरं सांगायचं तर पन्ह्याचं टेबलही डावीकडेच होतं.

काका उठले. फेटा सांभाळत, गुडघ्यावर हात टेकत उजव्या भिंतीशी जाऊन बाबांच्या शेजारी उभे राहिले. इतक्या वर्षांत पहिल्यांदा. दोघं म्हातारे तिथे, आणि आमची सगळी पिढी समोर नाचत होती.

मी पन्ह्याचा जग धरून मधोमध उभी होते. मला मत नव्हतं. पणजोबांनी कौन्सिलच्या दारातून बाई जाताना पाहिली नव्हती, म्हणून आमच्या हॉलमध्ये बाईला खुर्ची नसायची. नंतर एखादी गेली असेलही, पण तोवर पणजोबांची नोकरी संपली होती. सोंग सोडून सगळं खरं करायचं ठरवलं, तेव्हाही बाबांना ही खुर्ची आठवली नाही. मला रडू आलं ते त्यांच्या हरण्याचं की या विसरण्याचं, अजून सांगता येत नाही.

"ठराव पडला," बाबांनी स्वतःच जाहीर केलं. मग माझ्याकडे वळून म्हणाले, "लेकराइले पन्हं दे." भरल्या हॉलमध्ये त्यांनी काढलेला तो शेवटचा आवाज.

ऑपरेशन झालं. संध्याकाळी मी बाबांना सेक्टरमध्ये फिरवून आणते. पोरं फार लाघवी आहेत, सायकल थांबवून लांबूनच ओरडतात, "दादाजी, गिर गया!" त्यांच्या लेखी तो नमस्कारच आहे. गळ्याला रुमाल गुंडाळलेले बाबा हात वर करतात, आणि पोरं खुशीत निघून जातात.