अप्पा कट्ट्यावर बसलेत, ती फिल्म

मल्लिनाथ गेला.
आज सकाळी. चहाचा कप हातात होता. वय बत्तीस.

आत्ता होटगीहून माती देऊन आलो. टाइप करतोय, पण खरं वाटत नाही.

त्यांच्या लिंगायतांत गेलेल्या माणसाला निजवत नाहीत, बसवतात. मला माहीत होतं.
तरी दारातून तो बसलेला दिसला आणि क्षणभर वाटलं, फोन चुकीचा होता.

कायम काळ्या टी-शर्टमधला माणूस. आज धोतर, कपाळभर विभूती, गळ्यात हार. पाठीला भिंत.

शेजारी अप्पा, त्याचे वडील.
येणाऱ्या प्रत्येकाला सांगत होते की पोराचा पिक्चर राहिला. नुसती टेस्टिंग झाली, शूटिंग सुरूच झालं नाही.

शूटिंग झालं होतं. फिल्म पूर्ण होती.

एकच शॉट. धान्याचं दुकान बंद करून अप्पा कट्ट्यावर बसतात आणि रस्त्याकडे बघत राहतात. गोष्ट नाही, संवाद नाही.
पुण्यात दाखवली तेव्हा एकाने उठून विचारलं, प्रोजेक्टर हँग झालाय का. मल्लिनाथ सोलापूर येईपर्यंत हसत होता.

अप्पांना मात्र त्याने सांगितलं होतं, कॅमेरा टेस्ट करतोय. मी टोकलं, तर म्हणाला,
"खरं सांगितलं की अ‍ॅक्टिंग करतील रे. मग अप्पा कुठनं आणू?"

येत्या रविवारी तो त्यांना फिल्म दाखवणार होता. घरात हे कुणालाच ठाऊक नव्हतं. मला होतं.

त्याच्यासमोर, अशा वेळी, बोलावं की नाही कळेना. अप्पा पुन्हा कुणाला तरी तेच सांगू लागले, तेव्हा राहवलं नाही.

"अप्पा, पिक्चर झालाय. त्यात तुम्हीच आहात."

"मी? मी तर नुसता बसलो हुतो की."

"तेवढाच पिक्चर आहे, अप्पा."

 अप्पा मल्लिनाथकडे वळले आणि जवळजवळ रागावून त्यालाच म्हणाले,
"आदी सांगायचं न्हाय व्हय रे? इस्त्रीचा सदरा घातला असता की."

आणि तो काय म्हणतो ते ऐकायला आम्ही दोघंही थांबलो.

रविवारी मी दाखवतो त्यांना.
अच्छा, मल्ल्या.