पडद्यावरचा विधुर

तेजरामला रडायला कारण लागत नसे. बालाघाट जिल्ह्यातल्या किरनापूरकडं दंडारीत, गावच्या लोकनाट्यात, तो राजा व्हायचा आणि राज्य गेलं की असा टाहो फोडायचा, की पुढं बसलेल्या बायकांचे पदर ओले होत. घरी मात्र बायकोपुढं, सत्यभामेपुढं, त्याचा आवाज फुटत नसे.

त्रेसष्टच्या पावसाळ्यात बैहरच्या घाटात दरड कोसळली. खाली गोदाबाईचं घर होतं. घर गेलं, बैल गेले. म्हातारी शेतावर होती म्हणून वाचली. तेजरामचं घर तिथून कोसभर लांब. त्याच्या अंगणात खडासुद्धा पडला नाही.

दिवाळी झाल्यावर दरडींवर माहितीपट काढणारी मंडळी जीपमधून आली. तोवर ढिगाऱ्यावर गवत माजलं होतं. डायरेक्टर साहेबांना ते खपेना. त्यांनी मजूर लावून गवत उपटवलं, वरून चार दगड लोटवले आणि दरड ताजी झाली म्हणून समाधानानं चहा घेतला. मग गोदाबाईला कॅमेऱ्यापुढं उभं केलं.

"माताजी, रोइए."

"काहून रडू? रडून झालं माह्यं. दरड काहून पडली ते विचारा मले. रस्ता रुंद कराले ठेकेदारानं डोंगराचा पायथा कापला. त्याले उभं करा न इथं!"

हे गावातल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. पण साहेबांचा मुक्काम त्याच ठेकेदाराकडं होता, आणि रोजची कोंबडीही त्याचीच. कॅमेरा बंद झाला.

बघ्यांतून तेजराम पुढं सरकला. "साहब, मैं रोऊँ?"

रडला, आणि काय रडला! तोंडाला चिखल फासला, छाती बडवली, दगडांना मिठ्या मारल्या. साहेबांनी पाठ थोपटली.

पुढल्या वर्षी किरनापूरच्या बाजारात तंबूतला सिनेमा आला. खेळाआधी हाच माहितीपट. तेजरामनं अर्धं गाव बैलगाड्यांत घालून नेलं, सत्यभामा नवं लुगडं नेसून. पडद्यावर त्याचं तोंड गाडीच्या चाकाएवढं दिसलं, तशा शिट्ट्या पडल्या. मग भारदस्त आवाज घुमला: "इस अभागे किसान की पत्नी पहाड़ के नीचे सदा के लिए सो गई. प्रकृति के आगे मनुष्य विवश है."

"मी मेली?" सत्यभामा म्हणाली.

"अवं, ते साहेबानं आपल्या मनानं..."

"अन् तुम्ही रडले बी!"

त्या दिवसापासून चूल थंड. मेलेल्या बाईच्या हातचं खाऊ नये, एवढंच ती म्हणे. तेजराम मुरमुऱ्यांवर आला. त्यात तिच्या भावानं बालाघाटला तोच माहितीपट पाहिला आणि तो तिथूनच हंबरडा फोडत आला. बहीण ओसरीवर तांदूळ निवडत बसलेली पाहून त्यानं आधी तिला मिठी मारली, मग तेजरामच्या कानाखाली वाजवली.

तेवढ्यात कळलं, की ढिगारा उपसायचं कामही त्याच ठेकेदाराला मिळालं. गोदाबाई अजून गवताच्या खोपटात होती.

पुढच्या बाजारी तेजराम पुन्हा तंबूत बसला. शेजारी गोदाबाई, मागं सत्यभामा. तो आवाज घुमताच तो उठला. "खोटं हाय! माही बायको जिती हाय! डोंगर ठेकेदारानं पाडला!"

तंबूच्या मालकानं त्याला गचांडी धरून बाहेर काढलं. सत्यभामा गर्दी सारत आली.

"छोड़ो मेरे आदमी को."

"तुम कौन?"

"वही, जो मर गई."

मालकाचा हात आपोआप सुटला. गोदाबाईला गाडीत बसवून तिघं घरी निघाली. वाटेत गोदाबाई तेवढी मधून मधून हसत होती.