ओस्वाल्दिनोची मिशी पोर्तुगालला जाते

ओस्वाल्दिनो पेसान्याची मिशी मी उडवली, तेव्हा तो माझ्या सलूनच्या खुर्चीत घोरत होता आणि मी रेडिओवर सामना ऐकत होतो. गोल झाला, माझा हात उडाला आणि मिशीचा डावा पंख साबणात पडला. एका पंखाची मिशी बरी दिसत नाही, म्हणून मी उजवाही उतरवला.

जागा झाल्यावर त्याने आरशात पाहिलं. मग म्हणाला, "जेनेझिओ, गाढवा, मालिकेवाल्यांचा करार माझ्याशी नाहीये. त्या मिशीशी आहे!"

गोष्ट अठ्ठ्याहत्तर सालची, आमच्या इराजा उपनगरातली. ओस्वाल्दिनो माझ्या मुलीचा धर्मपिता, त्यामुळे मी त्याचा आणि तो माझा 'कोंपाद्रे'. पंचवीस वर्षं तो नट होता आणि पंचवीस वर्षं त्याच्या भूमिकेला नाव नव्हतं. वेटर, दुसरा पोलीस, शवपेटीतला माणूस. अकरा सिनेमांत तो मेला. त्याची बायको दाल्वा सगळ्या गल्लीला सिनेमाला घेऊन जायची आणि दारातून ओरडायची, "आटपा गं बायांनो, माझा नवरा लवकर मरतो!"

आणि आता टीव्हीवरच्या रात्री आठच्या मालिकेत त्याला पहिल्यांदा नाव मिळालं होतं. तिबुर्सिओ, नोटरीच्या कचेरीतला कारकून. दिवसाला दोन वाक्यं. ती दोन वाक्यं तो बेकरीत, बसमध्ये, माझ्या खुर्चीत इतक्या वेळा म्हणायचा, की गल्लीतल्या पोपटालाही पाठ झाली होती.

दुसऱ्या दिवशी त्याला खोटी मिशी चिकटवली. दिव्यांच्या उष्णतेने ती सुटली आणि नायिकेसमोरच्या घेवड्याच्या वाडग्यात पडली. दिग्दर्शक हसला. लेखक हसला नाही. आमच्याकडे मालिका दाखवता दाखवताच लिहितात, त्यामुळे लेखकाच्या मनात आलं की आठवड्यात माणसाचा निकाल लागतो. तिबुर्सिओची मावशी अचानक आजारी पडली आणि तो पोर्तुगालला गेला.

मालिकेत पोर्तुगालला गेलेला माणूस म्हणजे गेलाच. प्रेक्षकांनी आकांत केला, तरच परत येतो.

"आकांत कोण करणार मग?" माझी बायको योलांदा कागद आपटत म्हणाली. "वस्तरा तुझा, हात तुझा. बस आणि लिही!"

सगळी गल्ली लिहायला बसली. बेकरीवाल्याने लिहिलं, पाद्रीबाबांनी लिहिलं. योलांदाने एकटीने नऊ पत्रं धाडली, त्यातलं एक निवृत्त न्यायाधीश म्हणून. ओस्वाल्दिनो मात्र घरात मिशी वाढवत बसला होता. दाढीला तो समोरच्या न्हाव्याकडे जायचा; तेही माझ्याकडे बघत बघत.

शेवटच्या भागात लग्न असतंच. आम्ही पन्नासेक माणसं बेकरीतल्या टीव्हीसमोर जीव मुठीत धरून उभे होतो. नवरी आली, अंगठ्या झाल्या, मालिका संपत आली. आणि चौथ्या रांगेत, स्वतःच्या मिशीसकट, तिबुर्सिओ! शेजारच्या बाईकडे वळून तो म्हणाला, "मावशी बरी आहे."

पत्रांमुळे परत बोलावणं आलं होतं, हे या पठ्ठ्याने दाल्वालाही सांगितलं नव्हतं. बेकरीत असा जल्लोष झाला, की नवरा-नवरीचं चुंबन कोणी पाहिलंच नाही. दाल्वा रडत रडत सांगत सुटली, "टिकला! शेवटपर्यंत टिकला!" ओस्वाल्दिनोने सगळ्यांसमोर मला मिठी मारली आणि सोमवारी येऊन माझ्या खुर्चीत बसला.

पुढे फोनची वाट पाहिली. फोन आला तो वेटरसाठी. मग पहारेकऱ्यासाठी. मग येईनासा झाला.

आता दुकान मुलगी चालवते, पण कोंपाद्रेची शनिवारची दाढी अजून मीच करतो. माझा हात थरथरतो, म्हणून तो डोळे उघडे ठेवतो. इतकी वर्षं विचारायचं राहिलेलं मी परवा विचारलं, "कोंपाद्रे, खरं सांग. त्या दिवशी माझा हात उडाला नसता, तर तू मोठा नट झाला असतास ना?"

"छे! नट मी बेताचाच होतो."